फोड, मोड आणि सदतीस

इंदूरच्या रामबागेतून एका आजींनी विचारलंय: "नातू दुसरीत आहे, शाळा हिंदी, घरी मराठी. वहीत 37 = 30 + 7 असं लिहून आणतो. मी त्याला संख्येची फोड म्हणते, सूनबाई म्हणतात 'विस्तारित मांडणी' म्हणा. बरोबर काय? आणि मी 'सदतीस' म्हटलं की तो 73 लिहितो. हा आपल्या मराठीचाच दोष का?"

आजी, 'विस्तारित मांडणी' हा पुस्तकी शब्द आहे आणि तो बरोबरच आहे. पण सात वर्षांच्या पोराशी बोलताना 'फोड' शंभर वाट्यांनी चांगला. आपण संधीची फोड करतो, समासाची करतो, तशीच संख्येची.

फक्त एक सांभाळा. 37 चे 30 आणि 7 केले की ती फोड. दशक दशकच राहतो. पण 52 मधून 27 वजा करताना दोनातून सात जात नाहीत, म्हणून एक दशक सुटा करावा लागतो आणि 52 चे 40 आणि 12 होतात. मग 12 तून 7 गेले, उरले 5, 40 तून 20 गेले, उरले 20, उत्तर 25. ही क्रिया वेगळी आहे आणि तिच्यासाठी आपल्याकडे 'मोडणं' आहे. दहाची नोट मोडली की सुटे हातात येतात (इंदुरात आपण सर्रास 'खुल्ले' म्हणतो, ते असो). 'फोड' आणि 'मोड' वेगळे ठेवले तर 'हातचा घेतला' म्हणजे काय घेतलं आणि कुठून, हे पोराला कळतं. नाहीतर 'हातचा', शाळेतलं 'हासिल' आणि 'उधार' हे तिन्ही नुसते मंत्र होऊन बसतात.

आता सदतीस. त्यात 'सात' आधी ऐकू येतो आणि 'तीस' नंतर. नातू ऐकू येईल तसं लिहितो. पण हिंदीतला 'सैंतीस' तसाच आहे, तेव्हा एकट्या मराठीला बोल लावू नका. संस्कृतातला 'सप्तत्रिंशत्' हा दोघांचा पूर्वज, त्यातही सात आधीच. कन्नडमध्ये मात्र 'मूवत्तेळु', म्हणजे तीस-सात.

2019 मध्ये बालभारतीच्या दुसरीच्या पुस्तकात 'सदतीस'च्या जोडीला 'तीस सात' आलं तेव्हा महाराष्ट्रात केवढा गहजब झाला! गणित समितीच्या अध्यक्ष मंगला नारळीकर यांनी तेव्हा जुनी नावं काढलेली नाहीत हे समजावून सांगितलं होतं. माझं मत विचाराल तर 'तीस सात' ही उत्तम शिडी आहे. चढून झाल्यावर ती बाजूला ठेवायची, एवढंच. तुम्ही घरी खुशाल वापरा: "सदतीस, म्हणजे तीस आणि सात" असं दोन्ही एका दमात म्हणा.

खरी गंमत 'एकोण'वाल्यांची. 'एकोणचाळीस'मध्ये ना तीन ऐकू येतो ना नऊ. ऐकू येतात एक आणि चाळीस, म्हणून पोरानं 41 लिहिलं तर रागावू नका. 'एकोण' म्हणजे 'एक' आणि 'ऊन', आणि 'ऊन' म्हणजे कमी. आपलं 'उणे' त्याच घरातलं. एकोणचाळीस म्हणजे एकानं उणे चाळीस, 40 − 1. म्हणजे ही फोडच आहे, पण वजाबाकीची. हिंदीत 'उनतालीस' तशीच. पण 89 ला वाटा फुटतात. मराठीत 'एकोणनव्वद', हिंदीत 'नवासी', ज्यात नऊ आणि ऐंशी सरळ सापडतात. तुमचा नातू दोन्ही ऐकतो, त्यामुळे या एका संख्येवर थोडा जास्त वेळ द्या.

'दशक' शब्द त्याला जड वाटत असेल तर दासबोध दाखवा. वीस दशक, प्रत्येक दशकात दहा समास, एकूण दोनशे. दहाचा गट म्हणजे दशक, याला घरातच पुरावा. शाळेत 'बंडल और तीलियाँ' म्हणत असतील. घरी दहा काड्यांची जुडी म्हणा, सुट्या काड्या वेगळ्या ठेवा.

पुढे तीन अंकी संख्या आल्या की 'तीनशे पाच' ऐकून तो 3005 लिहील. पुष्कळ मुलं लिहितात. त्यांनी 300 आणि 5 ही फोड अचूक ओळखलेली असते, फक्त दोन्ही तुकडे शेजारी ठेवलेले असतात. पुठ्ठ्याच्या पट्ट्या करा: एकीवर 300, लांब, दुसरीवर 5, एका अंकाएवढीच. छोटी पट्टी मोठीच्या उजव्या टोकावर, शेवटच्या शून्यावर ठेवायची. 305 दिसतं, आणि मधलं शून्य का राहिलं हेही दिसतं. तिथे दशक नाहीत.

जाता जाता: शाळेतल्या 'इकाई, दहाई, सैकड़ा'चं मराठी एकक, दशक, शतक. 'सैकड़ा'ला 'शेकडा' म्हणायचा मोह होईल, पण तो आपल्याकडे 'शेकडा पाच' (म्हणजे पाच टक्के) म्हणताना किंवा विड्याची पानं मोजताना. स्थानाला शतकच म्हणा.