नटीच्या कादंबऱ्या वाचाव्यात का?

प्रश्न : मुलगी कार्डिफला शिकते. तिच्या नादाने ‘गॅव्हिन अँड स्टेसी’ ही ब्रिटिश विनोदी मालिका बघितली आणि त्यातल्या नेसाने मला पुरतं जिंकलं. ते काम करणाऱ्या रूथ जोन्स आता कादंबऱ्या लिहितात म्हणे. नट-नट्यांची पुस्तकं नावावर खपतात, हा आजवरचा अनुभव. यांच्या वाचाव्यात का? सुरुवात कुठून करू?
— एक वाचक, डोंबिवली

उत्तर : ताई, तुमची शंका रास्त आहे. ‘नेव्हर ग्रीनर’ ही त्यांची पहिली कादंबरी २०१८ मध्ये आली आणि ‘संडे टाइम्स’ या ब्रिटिश वृत्तपत्राच्या खपाच्या यादीत पहिल्या क्रमांकावर गेली. त्यात नेसाचा हात नव्हता असं कोण म्हणेल?

पण ‘अभिनेत्री होती, लेखिका झाली’ हे काही मला पटत नाही. रूथबाई आधीपासून लिहित्याच आहेत. ‘फॅट फ्रेंड्स’ या मालिकेत नट जेम्स कॉर्डनशी ओळख झाली आणि २००७ पासून दोघांनी मिळून ‘गॅव्हिन अँड स्टेसी’ लिहिली. नेसा त्यांनी स्वतःसाठी स्वतःच बेतलेली. पुढे स्काय वाहिनीवरच्या ‘स्टेला’तही तेच, लेखनही त्यांचं आणि मुख्य भूमिकाही. मालिका जिथे घडते त्या वेल्समधल्या बॅरी गावची माणसं त्यांना शोधायला जावं लागलं नाही. त्या तिथून जवळच्याच पोर्थकॉलमध्ये, समुद्रकाठच्या गावात वाढल्या. मालिकेत स्टेसीचा ब्रिन काका झालेला रॉब ब्रायडन तर त्यांच्याच शाळेतला.

आता नेसाकडेच बघा. बॅरी आयलंडच्या गेमिंग आर्केडमध्ये सुट्ट्या पैशांच्या काचेआड बसलेली, अंगावर टॅटू, चेहऱ्यावर रेषा हलत नाही. एका मंत्र्याशी आपलं जमलं होतं, हे ती भाजीचा भाव सांगावा तसं सांगते. हसू येतं ते ती पुढचं सांगत नाही म्हणून. ब्रिन काका आणि स्टेसीचा भाऊ जेसन मासेमारीला गेले तेव्हा काय घडलं, हे तर २०२४ च्या नाताळात मालिका संपली तरी गुलदस्त्यातच राहिलं! आणि २०१९ च्या नाताळात नेसाने गुडघ्यावर बसून गॅव्हिनच्या मित्राला, स्मिदीला लग्नाचं विचारलं, तिथेच भाग संपला. उत्तरासाठी सगळा देश पाच वर्षं खोळंबला. काय सांगायचं नाही, हे ज्याला इतकं कळतं त्याला कादंबरी जमू शकते.

गंमत म्हणजे पहिल्या कादंबरीत हेच थोडं हातून सुटलंय. ऐन विशीत केटचं विवाहित कॅलमशी प्रकरण होतं, सतरा वर्षांनी दोघं पुन्हा भेटतात आणि दोन संसारांची वाट लागते. गोष्ट आधी पटकथा म्हणून लिहिलेली होती, ते प्रसंगांच्या कापणीत दिसतं. पण पडद्यावर नटाच्या एका नजरेने भागलं असतं, तिथे पात्रं मनातलं सगळं बोलून टाकतात. संवाद मात्र फक्कड.

‘अस थ्री’ (२०२०) तीन बालमैत्रिणींची. बरी आहे, प्रवासात वाचा. ‘लव्ह अनटोल्ड’मध्ये (२०२२) त्यांचा हात बसलाय. नव्वदीला टेकलेली ग्रेस, दुरावलेली मुलगी अ‍ॅलिस, नात एलिन, पणती बेका. घरातली भांडणं मोठ्या आवाजात होत नाहीत, फोन उचलला जात नाही इतकंच होतं, हे त्यांनी अचूक पकडलंय.

सुरुवात मात्र ‘बाय युअर साइड’पासून (२०२५) करा. लिंडा ही सरकारी खात्यातली बाई निवृत्तीला आलीय. एकटी माणसं मरतात, तेव्हा त्यांचे वारस हुडकायचे, हे तिचं काम. शेवटच्या प्रकरणापायी ती एका स्कॉटिश बेटावर जाते. मेलेल्या माणसाचं घर, त्याच्या वस्तू आणि शेजाऱ्यांच्या तोंडून ऐकलेलं, एवढ्यावरून त्याचं आयुष्य जुळवायचं. विनोदही आहे, पण तो कुणाला टाळी मागत नाही. मग ‘लव्ह अनटोल्ड’ घ्या. ‘नेव्हर ग्रीनर’ सगळ्यात शेवटी, आणि तीही मिळाली तर ऑडिओबुकमध्ये. बाईंनी स्वतः वाचलीय, त्यामुळे पात्रं जास्त बोलली तरी चालून जातं.