आधी डायनासोरची लीद दाखवा

प्रश्न: मी नागपुरात मानेवाड्याकडे सहावी-सातवीला शिकवते. मुलांना डायनासोरचं भयंकर वेड आहे, पण त्यांना वाटतं हे सगळं अमेरिकेत नाहीतर चीनमध्येच सापडतं. आपल्याकडचं काय दाखवू?

उत्तर: ताई, लीदीपासून सुरुवात करा, खरंच सांगतो. चंद्रपूर जिल्ह्यात वरोऱ्याजवळ पिसदुरा गाव आहे, तिथल्या लाल मातीत डायनासोरची लीद दगड होऊन सापडते. लखनौच्या बिरबल साहनी संस्थेतल्या वंदना प्रसाद आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ती तपासली तर आत गवताचा पुरावा निघाला, म्हणजे पानं नाही, गवताच्या पेशीत साठणारे सिलिकाचे (वाळूत असतं तेच) बारीक कण. हे 2005 साली छापून आलं. तोवर बहुतेकांचा समज असा की डायनासोर गेले आणि मगच गवत पसरलं. लीदीत झाडंबिडं पण होती, नुसतं गवत नाही, पण जे गवत होतं त्यातलं काही चक्क भाताच्या नात्यातलं!

वर्गात ज्वारीचं ताजं पान आणा, कडेवरनं बोट हळूच उलटं फिरवायला सांगा. खरखर लागते ना, ती याच सिलिकाची. पान कुजून जातं, हे कण मागे राहतात, जनावराच्या पोटातून गेले तरी. मुलांना हे हातानं कळलं की प्लास्टिकच्या टी-रेक्सची गरज नाही बघा.

पुढचं म्हणजे डोंगरगाव, तेही चंद्रपूर जिल्ह्यातच, तिथे इसिसॉरस नावाच्या लांब मानेच्या डायनासोरचा सांगाडा मिळाला, कवटी मात्र नाही. "मग डोकं कसं असेल?" हा प्रश्न मुलांपुढे टाका आणि चित्रं काढू द्या, पण कुठला भाग हाडावरून काढला आणि कुठला अंदाजानं ते वेगळ्या रंगात दाखवायला लावा, मला हे फार महत्त्वाचं वाटतं. आणि नागपूरही कोरडं नाही हं, हिस्लॉप आणि हंटर या मिशनऱ्यांनी 1850 च्या दशकात इथल्या टाकळीहून जीवाश्म गोळा केले होते, हिस्लॉप कॉलेजचं नाव त्यातल्याच एकाचं. सेमिनरी हिल्सचा काळा दगड जवळपास 6.6 कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाचा, तो तर कधीही दाखवता येतो.

एक कळकळीची विनंती, पिसदुऱ्याला सहल नेलीत तर दगड उचलून आणू देऊ नका. कुठल्या थरातून निघाला हे हरवलं की अभ्यासाला तो जवळपास बाद. बाजूला नाणं ठेवून फोटो घ्या, जागा लिहून ठेवा, आणि वेगळं काही दिसलं तर जिऑलॉजिकल सर्व्हेच्या नागपूर ऑफिसला कळवा.