खुर्चीला भूत करू नकोस

घरातल्या वस्तूंमधून भीती दाखवणाऱ्या तुझ्या फिल्मचा कच्चा कट (पहिली ढोबळ जुळणी) दोनदा पाहिला. वस्तू छान निवडल्यास, पण त्यांना भुताचं काम दिलंस. खुर्ची आपोआप सरकली की प्रेक्षक दोरी शोधायला लागतो. तिला जागेवरच राहू दे, फक्त आपण एरवी बघतो त्यापेक्षा जास्त वेळ तिच्याकडे बघ. किटलीचा शॉट ४ सेकंदांचा आहे, तो २० कर. आधी कंटाळा येईल, मग माणूस तिच्या फुगीर पोटातलं वाकडं प्रतिबिंब न्याहाळू लागेल. (तिथे तुझा ट्रायपॉड दिसतोय, तो मात्र काढ.)

निळसर रंग चढवून भीती येत नाही. दुपारचाच उजेड ठेव.

खरी मेहनत आवाजावर घे. फ्रिजची घरघर आपल्या लक्षातच नसते, ती थांबली की कळते. म्हणून पहिल्या मिनिटापासून ती हळू वाजत ठेव आणि कात्रीच्या क्लोजअपवर एकदम तोड. संगीत नकोच. शिवाय प्रत्येक खोलीची शांतता वेगळी असते. कुणी हलायचं-बोलायचं नाही असं सांगून मिनिटभर रेकॉर्ड करून ठेव, कट सांधायला ती लागतेच.

माझ्या पहिल्या फिल्ममध्ये मी आरशावर अख्खे दोन दिवस घालवले होते. सगळं फेकलं. टिकला तो खुंटीवरचा ओला टॉवेल, सेकंदाला ४८ फ्रेम्सनी शूट करून २४ वर, म्हणजे निम्म्या वेगाने चालवलेला. थेंब जरा उशिरा पडतो, एवढंच.

पुढचा कट आवाज लावूनच पाठव.