गाडीत कोअॅक्सियल स्पीकर लावावेत की कंपोनंट? मागे ओव्हल हवेत का?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: गाडी रत्नागिरीत असते, हॅचबॅकचं मधलं व्हेरिएंट, चारही दारांत कंपनीचे साधे साडेसहा इंची स्पीकर, ट्विटर (उंच सुरांचे छोटे स्पीकर) नाहीत. कंपनीचा टचस्क्रीन स्टिरिओ बदलायचा नाही. बजेट १५ हजार. एक दुकानदार कंपोनंट (मुख्य स्पीकर आणि ट्विटर सुटे) घ्या म्हणतो, दुसरा कोअॅक्सियल (ट्विटर मुख्य स्पीकरच्या मधोमध) आणि मागच्या ट्रेवर सहा बाय नऊ इंचांचे ओव्हल सुचवतो. ऐकणं बहुतेक भावगीतं, नाट्यसंगीत आणि जुनी हिंदी गाणी.

अॅम्प्लिफायर लावायचा नसेल, तर पुढच्या दोन दारांत जास्त सेन्सिटिव्हिटीचे (म्हणजे कमी पॉवरवर जास्त वाजणारे) कोअॅक्सियल बसवा, उरलेले पैसे त्याच दारांच्या डॅम्पिंगवर (पत्र्याची थरथर थांबवण्यावर) घाला आणि मागचे स्पीकर आहेत तसेच राहू द्या. अॅम्प घेणार असाल आणि आरशाच्या आतल्या तिकोनी कोपऱ्यात ट्विटरला जागा असेल, तरच कंपोनंट. ओव्हल तुम्हाला नकोत.

आत्ता तुमच्या दारात आहे तो बहुधा एकच कागदी कोन आहे, मध्ये छोटा दुसरा कोन चिकटवलेला. वरच्या पट्टीतले सूर त्यातून जेमतेम निघतात. त्यामुळे तबल्याच्या चाटीची धार, टाळ, गायकाचे ‘स’ आणि ‘श’ दबलेले ऐकू येतात. इथे खरा फरक पाडतो तो वेगळा ट्विटर, आणि तो कोअॅक्सियल आणि कंपोनंट दोन्हींत असतो.

कोअॅक्सियलमध्ये ट्विटर वूफरच्या (खालच्या सुरांच्या मोठ्या स्पीकरच्या) मधोमध छोट्या खांबावर बसवलेला असतो. क्रॉसओव्हर (उंच आणि खालचे सूर वेगळे करणारा फिल्टर) म्हणजे बहुतेक वेळा ट्विटरच्या वायरीत घातलेला एक कपॅसिटर. ४ ओमच्या ट्विटरला ४.७ मायक्रोफॅराडचा कपॅसिटर असेल तर साधारण साडेआठ हजार हर्ट्झच्या खाली आवाज ऑक्टेव्हमागे (सप्तकामागे) ६ डेसिबलने उतरत जातो. वूफरला बहुधा काहीच फिल्टर नसतो. कंपोनंटमध्ये वूफर वेगळा, ट्विटर वेगळा आणि दोघांच्या मध्ये क्रॉसओव्हरची डबी. त्या डबीत कॉइल आणि कपॅसिटर असतात, उतार सहसा १२ डेसिबलचा असतो आणि ट्विटर ३ डेसिबलने कमी करायची सोय मिळते. स्वस्त कंपोनंट सेटमध्ये मात्र डबी नसतेच, ट्विटरच्या वायरीत तोच एक कपॅसिटर असतो. असा सेट म्हणजे सुटा केलेला कोअॅक्सियल. त्याला कंपोनंटची किंमत देऊ नका.

या दोघांत फरक पडतो तो ट्विटरच्या जागेमुळे. सूर जितका उंच, तितका तो सरळ रेषेत जातो. १० हजार हर्ट्झची लहर जेमतेम साडेतीन सेंटिमीटरची असते. मध्ये पाय, सीट, गिअरचा दांडा आला की अडली. साडेसहा इंची वूफरचा कोनसुद्धा साधारण अडीच हजार हर्ट्झच्या पुढे समोरच जास्त आवाज टाकतो, बाजूला कमी. दारातला स्पीकर तुमच्या पोटरीकडे तोंड करून बसलेला असतो, म्हणून कोअॅक्सियलमध्ये गायक पायाशी बसून गातोय असं वाटतं. ट्विटर कानाच्या उंचीला आणला की आवाज डॅशबोर्डवर येतो. कंपोनंटचं खरं देणं हे एवढंच, आणि ते मोठं आहे. पण ट्विटर कंटाळा करून दारातच वूफरशेजारी बसवला, तर त्या पैशांचा उपयोग शून्य.

तुमच्याच मॉडेलच्या वरच्या व्हेरिएंटमध्ये ट्विटर येतात का, आणि कुठे येतात, ते शोरूममध्ये जाऊन बघा. बऱ्याच गाड्यांत खालच्या व्हेरिएंटला त्याच जागी नुसती जाळी किंवा कोरी टोपी असते आणि वरच्या व्हेरिएंटचा तिकोनी तुकडा सुटा मिळतो. तो मिळाला तर काम स्वच्छ होतं. काचेशेजारच्या खांबावर ट्विटर लावायला दुकानदार तयार असतात. तुमच्या गाडीत कर्टन एअरबॅग असेल तर त्या खांबाला हात लावू देऊ नका. एअरबॅग छताच्या कडेतून उघडते आणि तिचं पुढचं टोक त्या खांबात असतं. डॅशबोर्डवर काचेकडे तोंड करून लावलेला ट्विटर परावर्तनामुळे टोचतो, तिथे लावायचाच असेल तर मऊ सिल्क डोमचा घ्या आणि डबीवर ३ डेसिबल कमी करा.

आता पॉवर. स्टिरिओवर ‘५० वॉट गुणिले ४’ लिहिलेलं असतं, पण १२ व्होल्टच्या गाडीत आतल्या चिपला मिळणारा व्होल्टेज इंजिन चालू असताना १४ च्या आसपासच असतो. त्यातून ४ ओमच्या स्पीकरला स्वच्छ आवाजात प्रत्येक चॅनेलवर फार तर २० वॉट आरएमएस (सलग टिकणारी पॉवर) निघतात. म्हणून खोक्यावरचे ‘३०० वॉट मॅक्स’ वगैरे आकडे सोडून द्या आणि सेन्सिटिव्हिटी बघा. ३ डेसिबलचा फरक म्हणजे दुप्पट पॉवर. ९२ डेसिबलचा कोअॅक्सियल २० वॉटवर जेवढा वाजेल, तेवढंच वाजायला ८६ डेसिबलच्या कंपोनंटला ८० वॉट लागतील. भारी कंपोनंट स्टिरिओवरच जोडून ‘दम नाही’ म्हणणाऱ्यांचं दुखणं बहुतेक हेच असतं. मात्र आकडा १ वॉटवर मोजलाय की २.८३ व्होल्टवर, तेही वाचा. ४ ओमच्या स्पीकरला २.८३ व्होल्ट म्हणजे २ वॉट, त्यामुळे तो आकडा ३ डेसिबलने फुगलेला असतो. इम्पीडन्स (स्पीकरचा विद्युत रोध) ४ ओमच घ्या. ३ किंवा २ ओमचे स्पीकर जास्त करंट ओढतात आणि कंपनीचा स्टिरिओ उन्हात तापून मध्येच बंद पडू शकतो.

तुमच्या हवेसाठी कोन पॉलिप्रॉपिलीनचा आणि कडेचा सराउंड रबराचा हवा. दाराच्या आत पावसाचं पाणी येतंच, काचेच्या रबरातून झिरपून स्पीकरच्या पाठीवरून वाहतं. गाडीची रचनाच तशी असते, म्हणून दाराच्या तळाला निचऱ्याची भोकं दिलेली असतात. कागदी कोन यात नरम पडतो, फोमचा सराउंड काही वर्षांत भुगा होतो.

आणि आता ज्या कामाला दुकानदार हात आखडता घेतात ते. स्पीकरचा कोन पुढे जितकी हवा ढकलतो तितकीच मागे ओढतो. दाराच्या आतल्या पत्र्याला हाताचा पंजा जाईल एवढी भोकं असतात आणि त्यांवर नुसतं पातळ प्लास्टिक चिकटवलेलं असतं. मागची लहर त्या भोकांतून पुढे येते आणि पुढच्या लहरीला खाऊन टाकते, खालच्या सुरांत सगळ्यात जास्त. डग्ग्याची घुमक गायब होते ती इथे. पाच हजारांचा स्पीकर भोकं बुजवलेल्या दारात, भोकं उघडी असलेल्या दारातल्या दहा हजारांच्या स्पीकरपेक्षा भरदार वाजतो, हे मी खात्रीने सांगतो.

काम असं करून घ्या. दाराचं पॅड काढताना हँडलच्या आणि आर्मरेस्टच्या आतले स्क्रू आधी, मग खालच्या कडेपासून क्लिप सोडवायच्या. चार-पाच क्लिप तुटतील असं धरून नव्या आणून ठेवा, नाहीतर नंतर पॅड खडखडतं आणि दोष स्पीकरला जातो. बाहेरच्या पत्र्याला आतून आयसोप्रोपिल अल्कोहोलने पुसून २ मिलिमीटरची ब्युटिल (चिकट रबराची) शीट लावायची, स्पीकरच्या बरोबर मागे नक्की आणि एकूण पत्र्याच्या पाव ते एक तृतीयांश भागावर. पूर्ण दार मढवायची गरज नाही. शीटच्या फॉइलवरची नक्षी सपाट होईपर्यंत रोलर फिरवला पाहिजे. स्वस्त डांबरी शीट घेऊ नका, उन्हात पाघळते आणि गाडीभर वास सुटतो. आतल्या पत्र्याची भोकं आधी पातळ अॅल्युमिनियमचा किंवा एबीएस प्लास्टिकचा तुकडा ठेवून वरून ब्युटिलने बंद करायची. काचेच्या मोटरसमोरचा तुकडा स्क्रूने बसवा, म्हणजे पुढे दुरुस्तीला उघडता येईल. तळाची निचऱ्याची भोकं मोकळी राहिलीच पाहिजेत. ती बुजली की पाणी साचतं, दार खालून गंजतं आणि वळणावर पाण्याचा आवाज येतो.

स्पीकरखालची रिंग एमडीएफची (दाबलेल्या लाकडी भुशाची) देतील. कोकणात ती पहिल्या पावसाळ्यात फुगते, स्क्रू ढिले होतात आणि स्पीकर तडतडायला लागतो. पीव्हीसी फोम बोर्डची किंवा एबीएसची रिंग मागा, १२ ते १८ मिलिमीटर जाडीची. आधी काच पूर्ण खाली करून पत्र्यापासून काचेपर्यंतची खोली मोजा. त्यात रिंगची जाडी मिळवा, ५ मिलिमीटर मोकळे सोडा, उरेल त्यापेक्षा स्पीकरची माउंटिंग डेप्थ (कडेपासून मागची खोली) कमी हवी. पुढच्या बाजूलाही बघा: कोअॅक्सियलचा ट्विटर कोनाच्या पुढे डोकावतो, जाड रिंगवर तो पॅडच्या जाळीला टेकू शकतो. रिंग आणि पत्रा यांच्यात फोमची पट्टी, आणि स्पीकरच्या पुढच्या कडेला दुसरी जाड फोमची पट्टी जी पॅडला टेकेल. ही दुसरी पट्टी नसेल तर निम्मा आवाज पॅडच्या मागेच फिरत राहतो. स्पीकरच्या डोक्यावर पाणी अडवायला रबरी छत्री लावतात, ती फक्त वरच्या अर्ध्या भागाला असावी. मागून पूर्ण बंद वाटी लावली तर बास गुदमरतो.

वायर कापू देऊ नका. तुमच्या गाडीचं कपलर (जोडणीचा प्लग) मिळतं, त्याने जोडणी केली की वॉरंटीचा वाद नको आणि जुने स्पीकर परत लावता येतात. कंपनीची बारीक वायर स्टिरिओच्या पॉवरला पुरते. कंपोनंट लावलात तर क्रॉसओव्हरची डबी दाराच्या ओल्या भागात नको, डॅशबोर्डच्या आत बसवा. एक चूक नेहमी होते: वरच्या व्हेरिएंटसाठी टाकलेली ट्विटरची वायर कंपनीने आतून दाराच्या वायरीला समांतर जोडलेली असते. डबीतून निघालेला वूफरचा आवाज दाराच्या वायरीत सोडला की तोच ट्विटरलाही जातो आणि फिल्टरिंग कोलमडतं. ट्विटरसाठी नवी वायर ओढायला सांगा.

अॅम्पकडे वळलात, तर हाय-लेव्हल इनपुट (स्टिरिओच्या स्पीकर वायरी थेट जोडायची सोय) असलेला चार चॅनेलचा, ४ ओमला ५० वॉट आरएमएसचा क्लास डी अॅम्प पुरेसा. बॅटरीपासून ८ गेजची शुद्ध तांब्याची वायर, बॅटरीपासून ४५ सेंटिमीटरच्या आत फ्यूज, अर्थिंग रंग खरवडून थेट बॉडीला. किटमधली वायर बहुधा तांब्याचा मुलामा दिलेलं अॅल्युमिनियम असते. ती असेल तर त्याहून जाड, ४ गेजची घ्या. हे सगळं आणि बरा कंपोनंट सेट १५ हजारांत एकदम बसवायला गेलात तर दारांचं काम कापलं जाईल. आज कोअॅक्सियल आणि दारं, अॅम्प पुढच्या वर्षी, हा क्रम मला जास्त पटतो.

ओव्हलबद्दल: मोठ्या कोनामुळे बास जास्त वाटतो खरा, पण हॅचबॅकचा ट्रे हलका असतो, तो स्वतःच थरथरतो, आणि गाणं पाठीमागून यायला लागतं. ‘४-वे’, ‘५-वे’ लिहिलेल्या ओव्हलमधले जादाचे छोटे ट्विटर शोभेपुरतेच असतात. पुढे कधी बास कमी वाटला, तर सीटखाली मावणारा आठ इंची अॅक्टिव्ह सबवूफर (आतच अॅम्प असलेला बासचा स्पीकर) घ्या. तुमच्या गाण्यांना तो लागेलच असं नाही.

स्पीकर बसल्यावर स्टिरिओच्या सेटिंगमध्ये हाय-पास फिल्टर (खोल बास अडवणारा) असेल तर ६० ते ८० हर्ट्झवर ठेवा, लाउडनेस आणि बास बूस्ट बंद. छोट्या स्पीकरवरचं ओझं उतरतं, मोठ्या आवाजातही गळा स्वच्छ राहतो. ती सोय नसेल तर प्रत्येक पुढच्या स्पीकरच्या वायरीत ४७० मायक्रोफॅराडचा नॉन-पोलर कपॅसिटर घाला, ४ ओमला साधारण ८५ हर्ट्झचा कट मिळतो. फेडर (पुढच्या-मागच्या आवाजाचा तोल) दोन-तीन घरं पुढे.

पैसे देण्याआधी दुकानातच दोन गोष्टी तपासा. मल्टिमीटरवर ४ ओमचा स्पीकर साधारण ३.२ ते ३.८ ओम दाखवतो. दारात जोडल्यावर बॅलन्स (डाव्या-उजव्या आवाजाचा तोल) मधोमध ठेवून गाणं ऐका. आवाज मध्ये न जमता पसरट वाटला, बास पातळ झाला, तर एका स्पीकरचे प्लस-मायनस उलटे आहेत. कपलर काढून स्पीकरच्या टोकांना दीड व्होल्टचा सेल क्षणभर लावा: प्लसला प्लस असताना कोन बाहेर आला पाहिजे. पॅड बंद करण्याआधी दोन्ही दारांवर हे करून घ्या.