उडी चुकली कुठे?

प्रश्न : जुन्या सामानात ‘मायक्रो-प्रोफेसर’ हा झेड-८० मायक्रोप्रोसेसर शिकवणारा ट्रेनर मिळाला. पाच ते एक या आकड्यांची बेरीज करून उत्तर मेमरीतल्या १८५० या पत्त्यावर ठेवायचा प्रोग्राम हाताने कोडमध्ये उतरवला आणि १८०० पासून भरला : ०६ ०५, एएफ, ८०, १० ०३, ३२ ५० १८, ७६. ‘गो’ दाबलं की डिस्प्लेवरचे आकडे गायब होतात, लाल दिवा लागतो आणि १८५० वर भलतंच काहीतरी दिसतं. यंत्र बिघडलंय का? की सरळ असेंब्लर, म्हणजे सूचनांचा कोड आपोआप करून देणारा प्रोग्राम, वापरू?

उत्तर : यंत्र ठणठणीत आहे. लाल दिवा म्हणजे ७६, हॉल्ट, ‘थांब’ ही सूचना. आकडे जातात, कारण ते एकेक करून झरझर पेटवत ठेवण्याचं काम मॉनिटरचं, म्हणजे कळा आणि डिस्प्ले सांभाळणाऱ्या यंत्रातल्या प्रोग्रामचं असतं, आणि तुमचा प्रोग्राम चालू असताना तो बाजूला बसलेला असतो. ‘मोनी’ ही कळ दाबा, येतील परत.

घोळ आहे १० ०३ मध्ये. १० म्हणजे डीजेएनझेड : बी रजिस्टरमधला (प्रोसेसरच्या आतल्या एका खणातला) आकडा एकने कमी कर, शून्य झालं नसेल तर उडी मार. १८०३ ला, म्हणजे ८० या बेरजेच्या सूचनेकडे, परतायचं म्हणून तुम्ही ०३ लिहिलंत. पण तिथे पत्ता चालत नाही, अंतर लागतं, तेही पुढच्या सूचनेपासून मोजलेलं. पुढची सूचना १८०६ ला. तिथून तीन घरं पुढे १८०९, म्हणजे थेट हॉल्ट! उत्तर साठवणारी ३२ ५० १८ ही सूचना वाटेत राहूनच गेली. १८५० वर दिसलं ते रॅममध्ये आधीपासून पडलेलं काहीतरी.

तीन घरं मागे जायचंय, तर हेक्समध्ये, म्हणजे ० ते ९ नंतर ए ते एफ अशा सोळा अंकांच्या मोजणीत, १०० वजा ३, एफडी. १८०५ वर एफडी भरा, १८५० वर ०एफ मिळेल, म्हणजे पंधरा. ‘स्टेप’ दाबत एकेक सूचना चालवा आणि मधूनमधून ‘रेग’ने ए रजिस्टर बघा : ०५, ०९, ०सी, ०ई, ०एफ. १०० वजा ३ ही वजाबाकी ‘रेला’ कळ आपणहून करते. मी मात्र नवख्यांना तिला हात लावू देत नसे.

असेंब्लर जरूर वापरा, पण नंतर. त्याने एफडी गुपचूप घातलं असतं आणि उडी कुठून मोजतात हे तुम्हाला कळलंच नसतं. मल्टिटेकने, म्हणजे पुढे एसर झालेल्या कंपनीने, १९८१ मध्ये हे यंत्र काढलं ते याच शिकवणीसाठी.

वीज गेली की रॅम पुसली जाते, तेव्हा कोड वहीत हवाच. डावीकडे पत्त्यांचा रकाना ठेवा. फेऱ्याच्या आत एक जरी सूचना वाढवलीत, तरी एफडी बदलावं लागेल.