भोंग्याची वाट पाहणारी बुरशी

प्रश्न : बाई, नमस्कार. मी विज्ञानकथा लिहितोय. बंद गिरणीच्या तळघरात एक शहाणी बुरशी वाढते. काळ तिच्या तंतूंतून वाहतो. ती वाळली की शहरातली सगळी घड्याळं थांबतात. ती नायकाशी शुद्ध मराठीत बोलतेही. मित्र हसतात, म्हणतात बुरशीचा आणि वेळेचा काय संबंध? तुम्ही वनस्पतिशास्त्र शिकवलंय, म्हणून विचारतो.
– एक विद्यार्थी, अशोक चौक, सोलापूर

उत्तर : मित्रांना न्यूरोस्पोरा दाखवा. पावावर येणारी ही केशरी बुरशी. तिची नळी मी वर्गात दरवर्षी फळ्यावर काढायचे. काचेची लांब, आडवी नळी, तळाला खाद्याचा थर, एका टोकाला प्रयोगासाठी निवडलेल्या वाणाचे बीजाणू, आणि सगळा अंधार. बुरशी पुढे सरकत जाते आणि साधारण २२ तासांनी एकदा बीजाणूंचा दाट पट्टा उमटवते. मग विरळ, मग परत पट्टा. पट्टे मोजले की दिवस कळतात. रोज वेळेवर उजेड-अंधार दाखवला, तर स्वारी मुकाट्याने २४ तासांवर येते. घड्याळ आतलंच, सूर्य फक्त काटे जुळवून देतो.

तेव्हा संबंध आहे. मला खटकतात ती शहरातली थांबणारी घड्याळं. बुरशी वाळली म्हणून नवी पेठेतल्या दुकानातलं घड्याळ का थांबावं? याचं उत्तर कथेत कुठेच नाही.

त्यापेक्षा स्लाइम मोल्ड बघा. ही खरी बुरशी नव्हे, पण दूरची पाहुणी म्हणून चालवून घ्या. मेंदू नाही, मज्जातंतू नाहीत, नुसता पिवळा, सरकणारा गोळा. जपानमध्ये होक्काइडो विद्यापीठात तिला ठरावीक अंतराने तीनदा थंड, कोरडी हवा दिली. प्रत्येक वेळी तिची चाल मंदावली. चौथ्या वेळी हवा दिलीच नाही, तरी कित्येकदा ती नेमक्या वेळेला मंदावली. २००८ साली हे छापून आलं, आणि वाचून मला माझी आजीच आठवली. मामा गिरणीत होते. पहाटेचा भोंगा झाला की आमच्याकडे स्टोव्ह पेटायचा. गिरणी बंद पडली, भोंगा गेला, तरी आजी कितीतरी दिवस त्याच वेळेला उठून चहाचं आधण ठेवायची. पाणी उकळल्यावर तिच्या लक्षात यायचं. मग काही न बोलता पातेलं उतरवायची.

तुमच्या बुरशीला काळाची मालकीण करू नका. ती भोंग्याची वाट पाहू दे.

वाळण्याचं म्हणाल तर आपली कडक भाकरी घ्या. महिनोन्‌महिने डब्यात राहते, बुरशी धरत नाही. बीजाणू तिच्यावर पडत नाहीत असं थोडंच आहे? पडतात, पण ओल नाही म्हणून नुसते पडून राहतात. तीच भाकरी आमटीत मोडून झाकून विसरा आणि दोन दिवसांनी झाकण काढा. म्हणजे बुरशी वाळली की काळ थांबतो, पण तिचा एकटीचा. बाहेर गिरणीचा लिलाव होईल, चिमणी पडेल, तिला पत्ता नाही.

आणि बोलणं काढून टाका. आखडणं, पसरणं, पट्टा उमटवणं एवढीच तिची भाषा. बोलायलाच लावायची असेल, तर सोलापूरच्या तेलुगूभाषक पूर्व भागातल्या तळघरात वाढलेली बुरशी निदान तेलुगू तरी बोलेल. शुद्ध मराठी कुठून शिकली?

तळघरात पाणी शिरलं, बुरशी जागी झाली, पहाटे भोंग्याच्या वेळेला आखडली आणि भोंगा झालाच नाही, इथून सुरुवात करून बघा. फक्त ते पाणी मृगाचं दाखवू नका. सोलापुरात तळघरात शिरण्याइतका पाऊस बहुतेकदा सप्टेंबरातच पडतो.