मंडळाने नाव कापलं, कोर्ट काय करील?

प्रश्न : वकीलसाहेब, नमस्कार. लाखांदूर तालुक्यातल्या आमच्या गावी नाट्यमंडळ आहे. मंडईच्या, म्हणजे गावच्या जत्रेच्या, रात्री आम्ही नाटक लावतो, त्यात ऑर्गन मी वाजवतो. यंदा तिकिटांचा हिशेब मागितला, तर अध्यक्षांनी चौघांना बसवून रजिस्टरातून माझं नाव कापलं. कारण लिहिलं, 'मंडळविरोधी वागणूक'. मले ना नोटीस, ना सभा. माझ्या पैशाचा ऑर्गनही मंडळाच्या खोलीत कुलुपात. कोर्टातून सभासदत्व परत मिळेल काय? पुढच्या मंडईत ऑर्गनवर मीच बसेन, असा हुकूम आणता येईल काय?
एक वाचक, जि. भंडारा

उत्तर : भाऊ, शेवटचं आधी सांगतो. ऑर्गनवर कोण बसणार आणि नायकाचं काम कोणाला, हे कोणताही न्यायाधीश ठरवणार नाही. समजा, आणलाच असा हुकूम, तर तुमच्या सुरावर रात्रभर गायला नट कुठून आणणार?

सभासदत्वाची गोष्ट निराळी. तुम्ही मंडळविरोधी वागलात की नाही, यात मात्र कोर्ट शिरत नाही. दावा म्हणजे मंडळाच्या निर्णयावरचं अपील नव्हे. कोर्ट एवढंच पाहतं की मंडळाच्या घटनेने, म्हणजे नियमावलीने, ज्यांना अधिकार दिला त्यांनीच काढलं का, तुमचं म्हणणं ऐकलं का, आणि मनात खोट धरून तर काढलं नाही. फ्रीमेसन नावाच्या बंधुसंघाच्या बेळगावच्या लॉजमधून (शाखेतून) काढलेले टी. पी. दावर सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले, तेव्हा 1962 साली न्यायालयाने हीच मर्यादा सांगितली. दावर हरले. तुमची बाजू मला त्यांच्यापेक्षा बळकट वाटते, कारण तुम्हाला साधी नोटीसही नाही. पण गोम पुढे आहे. कोर्टाने नाव कापणं रद्द ठरवलं, तरी मंडळ उद्या रीतसर नोटीस देऊन, सभा भरवून तुम्हाला पुन्हा काढू शकतं. तेव्हा कोर्टाच्या हातात फारसं उरत नाही. एवढ्यासाठी तारखांना खेटे घालायचे का, ते घरी बसून ठरवा.

त्याआधी मंडळ नोंदलेलं आहे का ते पाहा. 1860 च्या संस्था नोंदणी कायद्याखाली नोंदलेलं असेल, तर आपल्याकडे ते बहुधा 1950 च्या सार्वजनिक विश्वस्त कायद्याखालीही येतं. धर्मादाय कार्यालयातून घटनेची प्रमाणित नक्कल काढा. अध्यक्ष तोंडाने सांगतात ती घटना आणि कागदावरची घटना यांचा पुष्कळदा संबंध नसतो. आमसभेकडे दाद मागायची सोय तीत असेल, तर आधी तिथे लेखी अर्ज द्या. ती पायरी सोडून आलात तर समोरचा वकील पहिलं बोट तिथेच ठेवील. तिकिटांच्या हिशेबाची तक्रारही धर्मादाय कार्यालयातच करा, दिवाणी कोर्टात नको. नोंदणीच नसेल, तर वर्गणीच्या पावत्या आणि जुनी इतिवृत्तं हाच तुमचा आधार. पारावर बसणारे 'निबंधकाकडे जा' म्हणतील. ते सेवा सहकारी सोसायटीचं झालं. तिथे सहकारी संस्था कायद्याच्या कलम 35 प्रमाणे सभासद काढायला आमसभेत हजर मतदारांचं तीन चतुर्थांश बहुमत लागतं, वर निबंधकाची मंजुरी. नाट्यमंडळाला हा कायदा लागू नाही.

राहिला ऑर्गन. इथे कोर्टाला कसलाच संकोच नाही, ती तुमची मालमत्ता आहे. मंडळात राहा न राहा, वस्तू परत मिळालीच पाहिजे. खरेदीची पावती शोधा. नसेल तर दुकानदार किंवा वाजवताना पाहणारे दोघे-तिघे साक्षीला तयार ठेवा. मग पोचपावतीसह टपालाने अध्यक्ष आणि सचिव दोघांनाही मागणीची नोटीस पाठवा. दाव्याची मुदत साधारण तीन वर्षांची, पण तितकी वाट कशाला पाहता? बंद खोलीत एक पावसाळा गेला तर भाता उंदरांनी खाल्लेला असेल. सभासदत्वाचा अर्ज आणि ही नोटीस एकाच कागदावर मात्र लिहू नका.